हुकूमशाहीतलं बालपण: लहानपणची आठवण तारखेला बांधायची कशी?

तळटीप

मंडळी, कामाचा प्रश्न आहे. अर्जेंटिनात २४ मार्च १९७६ ला लष्करानं सत्ता घेतली आणि १० डिसेंबर १९८३ ला सोडली. तेव्हा शाळकरी असलेल्यांनी मोठेपणी सांगितलेल्या आठवणी स्पॅनिशमधून मराठीत आणायचं काम चालू आहे. भाषा जमतेय, अडतंय ते तळटिपांशी. सांगणारा साल सांगत नाही, मराठी वाचकाला संदर्भ माहीत नाही, आणि लहान मुलाला राजकारण आठवत नाही. त्याला आठवतं काय, तर खिडकी, टीव्ही, गाडी, आईचा आवाज.

नमुन्याला चार वाक्यं देतो. ओळख लपावी म्हणून मुद्दाम बदलली आहेत:

अ) शाळा मध्येच सोडली, आम्ही झेंडे घेऊन रस्त्यावर नाचलो, आपण वर्ल्ड कप जिंकलो होतो.
आ) मावशीकडे टीव्हीवर फायनल पाहिली. हिरवंगार मैदान आणि त्यावर कागदाच्या कपट्यांचा पाऊस.
इ) रात्री आईनं खिडक्यांवर घोंगड्या टाकल्या. विमानं येतील म्हणाली.
ई) लष्करानं ओबेलिस्कला (ब्युनोस आयर्समधला उंच स्मारकस्तंभ) कडं बसवलं होतं, त्यावर लिहिलेलं, ‘मौन म्हणजे आरोग्य’.

यांना सालं कशी लावायची? आणि आठवण चुकीची निघाली तर टिपेत दुरुस्त करायची का?

चकलीचा_काटा

वाचनखूण साठवली. (म्हणजे सांगण्यासारखं माझ्याकडे काही नाही, पण पळून जाणार नाही.)

उलटं_पंचांग

‘अ’ सोपं आहे आणि फसवंही. फुटबॉलचा वर्ल्ड कप म्हटला की सगळे १९७८ लिहितात. तो अंतिम सामना २५ जून १९७८, वार रविवार, दुपारी तीनला सुरू. रविवारी शाळा सुटेल कुठून?

तुमचं वाक्य बहुधा ७ सप्टेंबर १९७९ चं आहे, वार शुक्रवार. टोकियोत कुमारांच्या वर्ल्ड कपचा अंतिम सामना झाला, अर्जेंटिनानं सोव्हिएत संघाला ३-१ हरवलं. जपान बारा तास पुढे, त्यामुळे तिकडची संध्याकाळ म्हणजे ब्युनोस आयर्सची सकाळ, पोरं वर्गात. रेडिओवरचा तेव्हाचा सर्वांत मोठा समालोचक होसे मारिया मुन्योस यानं लोकांना प्लासा दे मायो या मुख्य चौकाकडे या म्हणून हाकारलं.

आता टिपेत घालण्याजोगी गोष्ट. उत्तर-दक्षिण अमेरिकेतल्या राष्ट्रांच्या संघटनेचा मानवी हक्क आयोग ६ सप्टेंबरला देशात दाखल झाला होता आणि त्याच चौकाला मिळणाऱ्या आवेनिदा दे मायो या रस्त्यावर तक्रारी नोंदवून घेत होता. म्हणजे ज्यांची माणसं लष्करानं उचलून नेली होती त्यांची रांग आणि झेंडे नाचवणारी पोरं एकाच भागात, एकाच वेळी. मुलाला नाच आठवतो. रांग आठवते का, ते विचारायला हवं.

बोरूबहाद्दर

उलटं_पंचांग, बेत छान बसवलात, पण ‘शाळा’ या एका शब्दावर इतकं ओझं नको. २६ जून १९७८ सोमवार होता, जल्लोष आदल्या रात्रीपासून चालू. पोरं सोमवारीही रस्त्यावर आलेली असू शकतात. दुसरा खुंटा शोधा: गोल कुणी मारला? १९७८ च्या अंतिम सामन्यात केम्पेसचे दोन गोल होते, आणि मॅराडोना त्या संघात नव्हताच, शेवटच्या गाळणीत त्याला वगळलं होतं. सांगणारा ‘मॅराडोनानं जिंकून दिलं’ म्हणत असेल तर १९७९, नाहीतर थेट १९८६, आणि १९८६ म्हणजे लोकशाही येऊन अडीच वर्षं झालेली.

उलटं_पंचांग

मान्य. एका आठवणीला निदान दोन खुंटे. एकावर बांधली की म्हैस सुटते.

दूरदर्शनचा_अँटेना

‘आ’ माझ्या हद्दीतलं. ते हिरवंगार मैदान मावशीच्या टीव्हीवर दिसूच शकत नाही.

१९७८ च्या स्पर्धेसाठी नवं प्रक्षेपण केंद्र बांधलं, रंगीत यंत्रणा आणली. पण रंगीत चित्र गेलं परदेशी. नेदरलँड्समधल्या माणसाला गवत हिरवं दिसलं आणि ब्युनोस आयर्समधल्याला करडं. देशांतर्गत नियमित रंगीत प्रक्षेपण मे १९८० पासून. अपवाद काही मोजक्या सभागृहांचा, तिथे मोठ्या पडद्यावर रंगीत दाखवण्याची सोय केली होती. पण वाक्यात ‘मावशीकडे’ आहे.

मग हिरवा रंग आला कुठून? पुढे चाळीस वर्षं तेच सामने रंगीत फितींवरून पुन:पुन्हा दाखवले, त्यातून. बाकी आठवण खोटी ठरत नाही. मावशी खरी, कपटे खरे (तेही नीट दिसतात, करड्यावर पांढरे), फक्त रंग नंतर भरलाय. बाय द वे, त्या कपट्यांचीही भानगड आहे. मुन्योस सांगत होता की कागद टाकू नका, परदेशी पाहुण्यांसमोर देश घाणेरडा दिसतो. कालोइ या व्यंगचित्रकाराचं क्लेमेंते नावाचं पात्र म्हणत होतं, टाका. लोकांनी क्लेमेंतेचं ऐकलं. त्या काळात उघडपणे आज्ञा मोडायची जी थोडी संधी मिळाली, ती वर्तमानपत्र फाडून हवेत उडवण्याची.

चकलीचा_काटा

म्हणजे चाळीस वर्षांनी आठवणीला कलर पॅक बसवला.

नकाशे_आणि_नखरे

‘इ’ साठी सांगणाऱ्याचं गाव आणि अंगावरचे कपडे कळायला हवेत. खिडक्या झाकण्याचे प्रसंग दोनदा आले.

पहिला डिसेंबर १९७८. बीगल सामुद्रधुनीतल्या बेटांवरून चिलीशी युद्ध पेटायच्या बेतात होतं, शेवटी पोपच्या मध्यस्थीनं टळलं. तेव्हा मेंदोसासारख्या आंदीज पर्वताकडच्या शहरांतही अंधाराच्या तालमी झाल्या. दुसरा एप्रिल ते जून १९८२, माल्विनास (फॉकलंड) बेटांचं युद्ध, तेव्हा भर पातागोनियाच्या किनाऱ्यावर.

फरक कसा काढायचा: डिसेंबर म्हणजे तिकडे उन्हाळा. शाळेला सुटी, अंधारच उशिरा पडतो, पोरं सदऱ्यावर, आणि घोंगडीमागे बंद खिडकीत घामाघूम. मे-जून म्हणजे हिवाळा, शाळा चालू. शाळेत सैनिकांना पत्रं लिहून घेतली, माल्विनासचं संचलनगीत म्हणायला लावलं, चॉकलेटं आणि स्वेटर गोळा केले, असं सोबत येत असेल तर १९८२. ‘घोंगडी लावली आणि गुदमरलो’ म्हणाला तर मी १९७८ कडे झुकेन. कोमोदोरो रिवादाव्हियासारख्या गावाला पश्चिमेला चिली आणि पूर्वेला समुद्र, तिथे ऋतू विचारल्याशिवाय काही लिहू नका.

मराठी भाषांतरकाराची हमखास ठेच: ‘डिसेंबरच्या कडाक्याच्या थंडीत’. लिहू नका हो.

तळटीप

एका मसुद्यात नेमकं हेच लिहिलं होतं. खोडलं. आभार.

ओबेलिस्कवरचा_कावळा

‘ई’: कडं खरं, वाक्य खरं, लष्कर खोटं. ‘मौन म्हणजे आरोग्य’ ही महापालिकेची रस्त्यावरचा गोंगाट कमी करण्याची मोहीम, लष्करी बंडाच्या आधीची, राष्ट्राध्यक्ष इसाबेल पेरोनच्या कारकिर्दीतली. हॉर्न वाजवू नका इतकाच तिचा अर्थ. पुढे जे झालं त्यानं त्या पाटीला दुसरा अर्थ चिकटला आणि आठवणीत ती लष्कराच्या नावावर जमा झाली. अर्थात मोहिमेचा काळही काही रामराज्याचा नव्हता, निमलष्करी टोळ्या तेव्हाच माणसं मारत होत्या.

कट्टेकरी

हे वाचून आणीबाणी आठवली. ‘अनुशासन पर्व’, ‘बातें कम, काम ज्यादा’. सेम टू सेम.

बोरूबहाद्दर

कट्टेकरी, आणीबाणी लष्करी नव्हती. सैन्य बराकीत होतं, निवडणूक झाली, सरकार पडलं. दोन्ही एका मापानं मोजू नका, धाग्याचं कुरुक्षेत्र होईल.

उलटं_पंचांग

योगायोगांची हौस असेल तर घ्या: आणीबाणी २५ जून १९७५. अर्जेंटिनाचा अंतिम सामना २५ जून १९७८. कपिलदेवचा लॉर्ड्सवरचा कप २५ जून १९८३. आणि तिकडच्या बंडाला बरोबर एक वर्ष झालं त्या दिवशी, २४ मार्च १९७७ ला, इकडे मोरारजींचा शपथविधी. यातून काहीही सिद्ध होत नाही.

कट्टेकरी

हलकेच घ्या, म्हटलं होतं मनात. मूळ मुद्द्यावर या.

मांडवीकाठी

आणीबाणीपेक्षा जवळचं उदाहरण आपल्याकडे आहे: पोर्तुगीज गोवा. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार स्वतः लष्करी नव्हता, अर्थशास्त्राचा प्राध्यापक. पण त्याची राजवट १९२६ च्या लष्करी बंडातूनच उभी राहिली. गोव्यात लग्नाची पत्रिकासुद्धा छापण्याआधी सेन्सॉरकडे जायची. तेव्हाची मुलं आज सत्तरी-ऐंशीत आहेत, मराठी-कोंकणीत बोलतात, आणि त्यांनाही सालं आठवत नाहीत.

तिथे खुंटा म्हणून नाणं वापरा. १९५८ अखेरपर्यंत रुपिया आणि टांगा. १९५९ च्या सुरुवातीपासून एस्कुदो आणि सेंताव, सहा एस्कुदोंना एक रुपिया या दरानं. मग डिसेंबर १९६१ ला भारतीय सैन्य आलं आणि थोड्याच दिवसांत भारतीय रुपया. म्हणजे ‘दुकानात एस्कुदो देऊन गोळ्या आणल्या’ ही आठवण आपोआप तीन वर्षांच्या चौकटीत बसते. ‘काय साल होतं?’ विचारलं तर आजोबा गोंधळतात. ‘हातात काय नाणं होतं?’ विचारलं तर तळहात पसरून दाखवतात.

दुसरा खुंटा १९५५. ऑगस्टातला सत्याग्रह, त्यानंतर भारतानं नाकेबंदी केली, रेल्वे बंद पडली, घाटावरून येणारा माल थांबला. कांदे-बटाटे परदेशातून बोटीनं येऊ लागले. स्वयंपाकघरात काय बदललं ते विचारा. तिसरा १८ डिसेंबर १९६१: बांबोळीच्या रेडिओ केंद्रावर बॉम्ब पडले आणि एमिसोरा दे गोवा गप्प झालं. ‘रेडिओ चालता चालता बंद पडला’ असं कुणी म्हणालं की तारीख हातात आली.

दूरदर्शनचा_अँटेना

नाण्याची युक्ती अर्जेंटिनालाही चालेल. महागाई इतकी की नोटेवरची शून्यं हेच कॅलेंडर. दहा लाख पेसोंची नोट १९८१ ची, आणि जून १९८३ मध्ये चार शून्यं उडवून नवा पेसो आला. पोरांना ‘मिलियनची नोट’ नक्की आठवते. ती हातात घेतल्याची आठवण म्हणजे राजवटीची शेवटची दोन वर्षं.

ध्वनिफीत

तारखांवर भरपूर झालं, विचारण्याच्या पद्धतीवर कुणी बोललं नाही म्हणून लिहितो. तळटीप, पूरक मुलाखती घेणार असाल तर हे बघा.

पहिली बैठक दीड तासाच्या वर नको. फ्रिज बंद करा (आणि आपल्या घराची चावी फ्रिजमध्ये ठेवा, म्हणजे चालू करायला विसरणार नाही). पंखा बंद. सुरुवातीला तीस सेकंद कुणी न बोलता खोलीचा आवाज रेकॉर्ड करा, पुढे साफसफाईला लागतो. रेकॉर्डर दोन. फोन हा दुसरा, पहिला नव्हे, कारण मध्येच कॉल आला की फाइल तुटते. डब्ल्यूएव्ही, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. एमपी३ ऐकायला पुरतं, जपायला नाही.

मग एकच मोकळा प्रश्न: ‘त्या घराबद्दल सांगा.’ सांगणारा थांबला तरी दहा सेकंद तुम्ही बोलू नका. बहुतेक मुलाखती या दहा सेकंदांत बिघडतात. प्रश्नकर्त्याला शांतता सोसत नाही, तो पुढचा प्रश्न टाकतो आणि येणारं वाक्य गिळलं जातं.

मोकळं बोलणं संपलं की कागद-पेन्सिल द्या आणि घराचा आराखडा काढायला सांगा. दारं कुठे, मूल कुठे झोपायचं, फोन कुठे. आराखडा काढता काढता ‘या कपाटाला आम्ही हात लावायचा नव्हता’ असं निघतं. तो कागद सही-तारखेसह जपा.

सर्वांत मोठी चूक म्हणजे आधी फोटो दाखवणं किंवा सुचवणारा प्रश्न. ‘हिरवी फोर्ड फाल्कन पाहिली होती का?’ विचारलंत की संपलं. अपहरणाच्या टोळ्या ती गाडी वापरायच्या हे खरं. पण फाल्कन तिथे १९६२ पासून १९९१ पर्यंत बनत होती, शेजारच्या काकांकडेही तीच असायची. विचारायचं असं: ‘गल्लीत कुठल्या गाड्या यायच्या?’ सांगणाऱ्यानं आपणहून ‘नंबरप्लेट नव्हती’ म्हटलं तर त्या वाक्याला किंमत.

लिहून काढायला एका तासाच्या मुलाखतीमागे सहा ते आठ तास धरा, भाषांतराचे वेगळे. संमती दोनदा: एकदा बोलण्याआधी, एकदा लिहिलेलं वाचून दाखवल्यावर. दुसरी महत्त्वाची. लहानपणच्या आठवणीत शेजाऱ्यांची, शिक्षकांची नावं सहज येतात आणि ती माणसं हयात असतात.

नकाशे_आणि_नखरे

आराखडा मी आधी काढून घेईन. हात चालू असला की जीभ सुटते. नुसतं ‘सांगा’ म्हटलं तर लोक ठरलेली, शंभरदा सांगितलेली गोष्ट सांगतात.

ध्वनिफीत

ती शंभरदा सांगितलेली गोष्टच मला आधी हवी असते. ती बाहेर पडली की मागची मोकळी होते. पण भांडण नाही, दोन्ही चालतं. दोन्हीत मिसळ तेवढी करू नका.

रेणू_आणि_मी

अवांतर वाटेल, पण तारखांशी थेट संबंध आहे. वरचे सगळे हिशेब ‘मी तेव्हा पाच वर्षांची होते’ या वाक्यावर उभे आहेत. अर्जेंटिनात काही जणांच्या बाबतीत ते वाक्यच खोटं असतं, आणि त्यांना ते ठाऊक नसतं.

कैदेत जन्मलेली किंवा आईबापांसोबत पळवलेली सुमारे ५०० मुलं दुसऱ्यांनी स्वतःची म्हणून वाढवली असं आज्यांची संघटना (आबुएलास दे प्लासा दे मायो, १९७७) सांगते. जुलै २०२५ पर्यंत १४० जणांची ओळख लागली होती. जन्मदाखला खोटा, म्हणून जन्मतारीखही खोटी. पाउला लोगारेसचं प्रकरण सर्वज्ञात आहे: मे १९७८ मध्ये उरुग्वेतल्या माँटेव्हिडिओत आईवडिलांसोबत पळवली तेव्हा २३ महिन्यांची, आणि नोंद केली नुकतीच जन्मल्याची. म्हणजे कागदावर ती जवळपास दोन वर्षांनी लहान. अशा व्यक्तीनं ‘मी तीन वर्षांची होते’ म्हटलं तर प्रत्यक्षात पाच. दीड-दोन वर्षांची आठवण टिकणं दुर्मीळ, बहुतेकांची पहिली आठवण साडेतीनच्या आसपासची. तेव्हा कागदावरच्या वयाच्या मानानं फारच लवकरची आणि स्पष्ट आठवण निघाली तर शंका दाखल्यावरही घ्यावी.

डिसेंबर १९८४ मध्ये पाउला आजीकडे परतली, रक्ताच्या चाचणीच्या पुराव्यावर परत आलेली पहिली मुलगी.

कट्टेकरी

आईवडील दोघंही नाहीत, मग चाचणी कशाशी जुळवली?

रेणू_आणि_मी

हाच प्रश्न आज्यांनी परदेशी शास्त्रज्ञांना विचारला. मेरी-क्लेअर किंग आणि सहकाऱ्यांनी त्यावर काढलेलं गणित म्हणजे ‘आजीपणाचा निर्देशांक’.

सुरुवातीला एचएलए, म्हणजे पांढऱ्या पेशींवरच्या खुणा. प्रत्येक माणसात या खुणांचे दोन संच, एक आईकडून, एक वडिलांकडून. चार आजी-आजोबांचे मिळून आठ संच. मुलातला एक संच आईकडच्या चारांपैकी आणि दुसरा वडिलांकडच्या चारांपैकी असायला हवा. नुसतं जुळून भागत नाही. तो संच लोकसंख्येत किती जणांत सापडतो ते पाहायचं. दुर्मीळ असेल तर पुरावा भक्कम, सर्रास आढळणारा असेल तर लंगडा. आणि चारांपैकी एक आजोबा आधीच वारलेले असतील तर कोडं अर्धवट, मग मामा-काकांकडून त्यांचे संच उलटे काढावे लागतात.

नंतर मायटोकाँड्रियाचा डीएनए आला. तो फक्त आईकडून मिळतो, मुलाला आणि मुलीला दोघांनाही, पण पुढे जातो मुलीकडूनच. आपल्या नात्यांत सांगायचं तर आईची आई चालते, मामा चालतो, मावशी चालते, मावसभावंडं चालतात. मामेभावंडं चालत नाहीत, त्यांच्यात मामीचा येतो. मुलगा असेल तर वाय गुणसूत्रासाठी वडिलांचे वडील, काका, काकाचा मुलगा. आत्तेभाऊ नाही. इंग्रजीत सगळेच ‘कझिन’, मराठीत नात्याच्या नावातच उत्तर आहे.

चुकतं कुठे: मायटोकाँड्रियाचा नमुना अनेक असंबंधित घरांत सारखा असू शकतो, म्हणून तेवढ्यावर निकाल देत नाहीत. इतर गुणसूत्रांवरच्या खुणाही जुळवतात. आज्या म्हाताऱ्या होत चालल्या म्हणून १९८७ च्या कायद्यानं त्यांचे नमुने जपणारी राष्ट्रीय जनुक बँक काढली. ऑनलाइन मिळणाऱ्या वंशावळीच्या किटचा आणि हिचा संबंध नाही. ही बँक बेपत्ता केलेल्यांच्या कुटुंबांशीच पडताळते. रक्त द्यायला नकार असेल तर २००९ च्या कायद्यानुसार न्यायालय टूथब्रश, कंगवा, कपडे यांवरून नमुना घ्यायला सांगू शकतं.

चकलीचा_काटा

मामेभाऊ-मावसभाऊ वाला परिच्छेद पाठ्यपुस्तकात टाका राव.

शब्दांची_उधारी

रेणू_आणि_मी यांनी ‘बेपत्ता केलेल्यांच्या’ लिहिलं, तो शब्दप्रयोग अचूक आहे. तळटीप, तुमच्या मसुद्यात ‘बेपत्ता झालेले’ असेल तर बदला. कुंभमेळ्यात माणूस बेपत्ता होतो. इथे केला गेला. स्पॅनिशमध्येही मूळ अकर्मक क्रियापद लोकांनी सकर्मक करून टाकलं: त्याला ‘बेपत्ता केला’. व्याकरण मोडलं म्हणूनच अर्थ उभा राहिला, आणि मराठीत ते न मोडता जमतं.

आणखी काही. पळवलेल्या मुलांबाबत ‘दत्तक’ शब्द अजिबात नको, दत्तकाला कायदा आणि संमती लागते. ‘बळकावलेलं मूल’ म्हणा, जमीन बळकावतात तसं. न्यायालयानंही २०१२ मध्ये ही बाळं पळवण्याची पद्धतशीर योजना होती असं धरून लष्करी राजवटीचा पहिला प्रमुख व्हिदेला याला ५० वर्षांची शिक्षा दिली. कोठड्यांच्या भाषेत ‘बदली’ म्हणजे ठार मारायला नेणं. तिथे अवतरणचिन्ह ठेवा, नाहीतर मराठी वाचकाला तलाठ्याची बदली वाटेल. ‘चुपादो’साठी (शब्दशः चोखून घेतलेला) आपला ‘उचलला’ जवळचा. शाळेतल्या पोरांचा पांढरा झगा ‘गणवेश’ नव्हे. तो कपड्यांवरून घालायचा डगला असतो आणि लष्कराच्या कितीतरी आधीपासूनचा.

तळटीप

‘बदली’ची सूचना मोलाची, मी ‘स्थलांतर’ केलं होतं. आता एक राहिलं: ‘बाबांनी पुस्तकं पुरली’ अशा आठवणी अनेकांच्या आहेत. पोरांना खड्डा आठवतो, कारण आठवत नाही. मुलांची पुस्तकंही होती त्यांत?

बोरूबहाद्दर

होती. १९७७ मध्ये पाच बोटांची एक चित्रकथा बंदीत गेली. हिरवा हात लाल हाताच्या बोटांना एकेकटं गाठून छळतो, शेवटी लाल बोटं एकत्र येऊन मूठ करतात. सरकारला मूठ खटकली, रंग त्याहून. प्रकाशकांना १२७ दिवस तुरुंगात ठेवलं. त्याच वर्षी सर्कशीतल्या हत्तीनं संप केल्याची गोष्ट बंद, १९७९ मध्ये आणखी एक गोष्टींचं पुस्तक, आणि त्यावरच्या आरोपांत ‘अमर्याद कल्पनाशक्ती’ हाही एक होता. १९७७ मध्येच शिक्षण खात्यानं शिक्षकांसाठी ‘आपला शत्रू ओळखू या’ अशा उपशीर्षकाची पुस्तिका काढली होती.

पुरणं आणि जाळणं यांत व्यवहाराचा भाग असा: जाडजूड पुस्तक सबंध जळत नाही, कडा काळ्या होतात आणि आत अक्षर शाबूत. पानं फाडून थोडी थोडी जाळावी लागतात, त्याला रात्र जाते, धूर शेजाऱ्याला दिसतो. म्हणून अंगण असलेले पुरायचे. प्लास्टिकमध्ये गुंडाळून, कधी वर चुना टाकून. ओल शिरली की पानं चिकटून वीट होते. कोर्दोबा शहरात एका घराच्या बागेत १९७६ मध्ये पुरलेली पुस्तकं २०१७ मध्ये उकरली, त्यांतली काही वाचता येण्याजोगी होती. सरकारचा जाळण्याचा मार्ग सोपा, ट्रकनं न्यायची. १९८० मध्ये ब्युनोस आयर्सजवळच्या सारांदीत एका प्रकाशनाची २४ टन पुस्तकं मैदानात जाळली. पुस्तकं चोरली नाहीत, जाळलीच, याचा पुरावा म्हणून फोटो काढायला लावले, आणि आज तेच फोटो पुरावा आहेत.

ओबेलिस्कवरचा_कावळा

मूळ धाग्यातला दुसरा प्रश्न सगळे विसरले: चुकीची आठवण दुरुस्त करायची का? माझं मत, मजकुराला हात लावू नये.

इटलीत तेर्नी नावाचं पोलादाचं गाव आहे. तिथे १९४९ मध्ये नाटोविरोधी निदर्शनात एक तरुण कामगार पोलिसांच्या गोळीनं मेला. पुढे गावकरी सांगायचे की तो १९५३ मध्ये मेला, कामावरून काढण्याविरुद्धच्या लढ्यात. तारीख चूक, पण चूक अख्ख्या गावाची एकच. हजारोंची नोकरी जाण्याच्या घटनेशेजारी त्यांना तो मृत्यू हवा होता. तुमचं ‘ई’ तसंच आहे. एकट्यानं पाटी लष्कराच्या नावावर टाकली तर विसर, अनेकांनी टाकली तर तो त्यांचा लष्करावरचा निकाल.

ला प्लाता शहरातल्या शाळकरी पोरांचंही बघा. १६ सप्टेंबर १९७६ ला त्यांना घरांतून उचलून नेलं. लोकांच्या स्मरणात ती ‘बसचं सवलतीचं तिकीट मागणारी मुलं’. तिकिटाचं आंदोलन आदल्या वर्षीचं, १९७५ चं, आणि ती मुलं राजकीय संघटनांत काम करणारी होती. तिकीट मागणारं मूल निरागस दिसतं, म्हणून तेच टिकलं. पुढे त्यावरच्या चित्रपटानं ते पक्कं केलं. अशा जागी टीप हवीच, नाहीतर आपणही त्यांचं राजकारण पुसण्यात सामील.

उलटं_पंचांग

असहमत थोडासा. ‘आ’ मधल्या हिरव्या रंगाला निकाल वगैरे म्हणू नका, ती फितीची करामत आहे. प्रत्येक चुकीत अर्थ शोधायला गेलात तर पुस्तक टिपांचंच होईल.

दूरदर्शनचा_अँटेना

+१. काही चुका फक्त चुका असतात.

तळटीप

बरं, असं ठरवतो. मजकूर जसाच्या तसा. टिपा पानाखाली न देता प्रत्येक कथनाच्या शेवटी, म्हणजे वाचताना सांगणाऱ्याच्या तोंडावर हात ठेवल्यासारखं होणार नाही. ‘अ’ ला दोन्ही तारखा, कारण गोल कुणी मारला ते मूळ कथनात नाही. ‘इ’ ला गाव कळेपर्यंत टीप नाही. ‘ई’ ची टीप अशी:

‘ही पाटी महापालिकेच्या गोंगाटविरोधी मोहिमेची, मार्च १९७६ च्या आधीची.’

‘आ’ चं अडलंय. टीप टाकली तर मावशी खोटी पडेल असं वाटतं.

दूरदर्शनचा_अँटेना

मग टीप टीव्हीची द्या, आठवणीची नको. ‘अर्जेंटिनात घरोघरी रंगीत चित्र १९८० पासून दिसू लागलं.’ एवढंच. मावशीला मध्ये आणू नका.

शब्दांची_उधारी

आणि मूळ स्पॅनिशमध्ये ‘तीआ’ असेल तर ती मावशीच कशावरून? आत्या, काकू, मामी, शेजारीणसुद्धा असू शकते.

रेणू_आणि_मी

मायटोकाँड्रिया तपासा.